काढला, की काढायला लावला

अबुधाबीत मी ज्या इंग्रज माणसाचा दुभाष्या होतो, त्याने तीस वर्षं ब्रिटिश टेलिव्हिजनसाठी नाटकं आणि मालिका लिहिल्या होत्या, आणि तो बायकोच्या व्हिसावर आला होता. आमच्या ऑफिसात यांतल्या दुसऱ्याच गोष्टीची चर्चा झाली. "वाइफ के वीजा पे?" अकाउंट्समधल्या माणसाने दोनदा विचारलं, आणि मग लेखकाचं तीस वर्षांचं काम तिथेच खलास झालं.

नव्वदीच्या दशकाचा उत्तरार्ध होता. मी एका बांधकाम कंपनीत ॲडमिनमध्ये होतो. इंग्रजी सर्क्युलरांची हिंदी करणं हे माझ्या कामात कधीतरी घुसलं आणि मग निघालंच नाही. महाराष्ट्र मंडळाच्या गणेशोत्सवात माझ्या एकांकिका व्हायच्या. प्रेक्षक एक डोळा जेवणाच्या रांगेवर ठेवून त्या बघायचे. तरीही मी स्वतःला लेखक समजत होतो, आणि ही समजूत किती महागात पडू शकते हे मला ठाऊक नव्हतं. महाग मला पडली नाही, हा पुढचा भाग.

आदल्या वर्षी एका साइटवर परांची बांधणारा आमचा एक स्कॅफोल्डिंगवाला सहाव्या मजल्यावरून पडून गेला होता. त्यानंतर कंपनीला सुरक्षेचा उमाळा आला. 'सेफ्टी वीक' झाला, बॅनर लागले, हेल्मेटच्या आकाराचा पिवळा केक आला. तो कापायला एका सुरीवर इतके साहेब हात ठेवून उभे होते की तिथेच एखादा अपघात नोंदवावा लागेल असं वाटलं. मग ठरलं की नव्या कामगारांना दाखवायला वीस मिनिटांची फिल्म करायची. मोठ्या साहेबांच्या बायकोची आणि लेखकाच्या बायकोची ओळख होती; लेखकाची बायको शाळेत शिकवायची. अशा रीतीने ब्रिटिश टेलिव्हिजनचा एक अनुभवी नाटककार आमच्याकडे आला. संवाद हिंदीत करायचं काम माझ्याकडे आलं.

त्याचं बोलणं मी इथे मराठीत देतो आहे. दुभाष्यावर कितपत विश्वास ठेवायचा, हे वाचकाने शेवटी ठरवावं.

आम्ही त्याच्या फ्लॅटवर बसायचो. तो बशीसकट कपात चहा द्यायचा आणि मी काय म्हणतो ते ऐकायचा. ऑफिसात माझं नऊ वर्षांत असं कुणी ऐकलं नव्हतं. त्याची गोष्ट त्याने तुकड्यातुकड्यांत सांगितली. बाप बस चालवायचा. हा गॅसच्या शेगड्या विकणाऱ्या दुकानात नोकरी करत होता आणि बिलांच्या पाठीवर संवाद लिहायचा. चोविसाव्या वर्षी पहिलं नाटक टीव्हीवर लागलं. त्याची आई शेवटपर्यंत समजत होती की नट मंडळी बोलतात ते त्यांचं त्यांनाच सुचतं. मग इस्पितळाची मालिका, पोलिसांची मालिका, जनावरांच्या डॉक्टरांची मालिका.

"मी साठेक माणसं मारली असतील," तो म्हणाला, "बहुतेक जाहिरातींच्या आधी."

"आणि जनावरं?"

"जनावरं मारायला परवानगी नव्हती. लोक पत्रं लिहायचे."

एकच काम त्याने मनापासून केलं होतं. एका लोखंडाच्या कारखान्यातल्या अपघातावर दीड तासाचं नाटक. चित्रीकरण पूर्ण झालं, आणि मग वकिलांनी वाचलं. अपघात कोणाच्या हुकमाने झाला हे नाटकात स्पष्ट होतं. तो प्रवेश काढ, म्हणाले. याने काढला नाही. नाटक कपाटात गेलं आणि पुढे टेपही पुसली गेली. त्यानंतर त्याला स्वतःचं काही लिहायला कुणी बोलावलं नाही. दुसऱ्यांच्या मालिकांचे भाग मिळत राहिले, मग तेही तरुण मुलांकडे गेले, आणि मग फोन वाजायचा बंद झाला. हे सांगताना त्याच्या आवाजात कडवटपणा नव्हता. मी मात्र त्यातून एक धडा घेतला, आणि तो चुकीचा घेतला: कोणाच्या हुकमाने झालं हे सांगितलं, की फिल्म कपाटात जाते. या फिल्मच्या शेवटी 'हिंदी संवाद' याखाली माझं नाव येणार होतं.

लेखकाचा आग्रह की मेलेल्या माणसाबरोबर जो होता त्याला भेटायचंच. म्हणून आम्ही शहराबाहेर मुसफ्फाच्या कामगार कॅम्पवर गेलो. सोबत कंपनीचा सेफ्टी मॅनेजर होता. तो सबंध वेळ दारात उभा राहून घड्याळ बघत होता, एवढीच काय ती माझ्यावरची दहशत. मला कुणी काही सांगितलं नव्हतं, कुणी दम दिला नव्हता. हे मी पुन्हा लिहितो, कारण पुढे कित्येक वर्षं मी मनात तो दम दिला गेल्याचं रचत आलो.

माणूस सिंधुदुर्गातला, चाळिशीचा, बारीक, हाताची बोटं जाड. मेलेला त्याच्या शेजारच्या वाडीतला आणि इथे त्याच्याच खोलीत वरच्या बर्थवर झोपणारा. मी मराठी आहे हे कळल्यावर तो हिंदी सोडून मालवणीत शिरला. माझं आजोळ कुडाळचं. मला त्यातलं अक्षर न् अक्षर कळत होतं.

"तेणा हुक काढूक नाय," तो म्हणाला. "फोरमनान तेका काढूक लावल्यान. 'यल्ला यल्ला, त्या बाजूक जा, बेल्ट मगे लाव' म्हणान. मी थंयच होतंय."

लेखकाने माझ्याकडे पाहिलं. यल्ला म्हणजे चल लवकर, आणि हुक म्हणजे पडू नये म्हणून परांचीला अडकवायचा कमरेच्या पट्ट्याचा आकडा. मराठीत दोन शब्दांचं अंतर आहे: हुक काढला, हुक काढायला लावला. शाळेत आम्हाला प्रयोजक क्रियापद म्हणून ते शिकवलं होतं, आणि मला त्यात पैकीच्या पैकी मिळाले होते. मी लेखकाला इंग्रजीत सांगितलं, "तो म्हणतोय, त्याने पलीकडे जायला हुक काढला."

सेफ्टी मॅनेजरने मान हलवली. लेखकाने वहीत लिहून घेतलं. आणि तो माणूस माझ्याकडे बघून समाधानाने हसला. आपलं म्हणणं एकदाचं इंग्रजीत गेलं असं त्याला वाटलं.

तीन दिवसांनी लेखकाचा फोन आला. "हा प्रवेश उभा राहत नाही," तो म्हणाला. "माणूस कारणाशिवाय खिडकीसुद्धा उघडत नाही. सहाव्या मजल्यावर हा हुक काढतो. का? घाई कसली? कुणी सांगितलं का त्याला?"

तीस वर्षं हाच धंदा केलेल्या माणसाला खोटं वाक्य कळलं होतं. कुठे दुखतंय हे त्याने बरोबर दाबून बघितलं.

"त्याला परत विचारा," तो म्हणाला. "तुम्ही एकटे जा. आपल्या माणसाशी तो मोकळं बोलेल."

मी गेलो नाही. दोन दिवस जाऊ दिले, कॅम्पवर जाऊन आल्याचं भासवलं आणि तिसऱ्या दिवशी जाऊन लेखकाला सांगितलं, "शुक्रवार होता, अर्ध्या दिवसाने सुट्टी. घरी फोन करायचा होता. बूथवर रांग लागते, म्हणून घाई."

लेखकाने वही पुढे ओढली. मग म्हणाला, "अरे देवा." आणि लिहायला लागला. त्याने मी आतून इतका सुखावलो की त्या दिवशी घरी जाताना मुलीसाठी आइस्क्रीम नेलं.

फिल्म चांगली झाली, हे कबूल करायला हवं. माणूस परांचीवरून खाली रस्त्यापलीकडच्या फोन बूथकडे बघतो, रांग मोजतो, खिशातलं कार्ड चाचपतो, हुक काढतो. पडताना दाखवलं नव्हतं. नुसता बूथमधला लोंबकळणारा रिसीव्हर. एका हॉटेलच्या हॉलमध्ये सगळ्या साहेबांसमोर ती दाखवली. भाषणं झाली. काचेचं सन्मानचिन्ह कंपनीने कंपनीलाच दिलं. कामगारांचे प्रतिनिधी म्हणून दहा जणांना इस्त्रीच्या युनिफॉर्ममध्ये मागच्या रांगेत बसवलं होतं, त्यांत तो सिंधुदुर्गातला माणूसही होता. माझं नाव आलं ते चुकीच्या स्पेलिंगने. मुलगी मोठ्याने म्हणाली, "बाबा, दॅट्स नॉट यू!" बायको म्हणाली, "अगं, नावात चूक आहे, काम त्यांचंच आहे."

चहाच्या वेळी तो माझ्याजवळ आला. हातात सामोशाची बशी होती, सामोसा तसाच.

"साहेबांनू," तो हळू म्हणाला, "तेका फोन खंयसून इलो?"

"म्हणजे?"

"तेच्या वाडयेत कोणाकडेच फोन नाय. तो चिठी लिवी."

मी म्हणालो, "फिल्म आहे ती. थोडं बदलावं लागतं."

"आणि फोरमन?"

"बघू," मी म्हणालो. "पुढे बघू."

वर्षभराने तो ऑफिसात माझ्या टेबलासमोर येऊन उभा राहिला. सुट्टीवर गावी जाऊन नुकताच परत आला होता. काजूची पिशवी टेबलावर ठेवली आणि उभाच राहिला. मी बसा म्हणालो तरी बसला नाही.

त्याने सांगितलं ते असं. फिल्म आता प्रत्येक कॅम्पमध्ये दाखवतात. ती बघितलेलं एक पोरगं त्याच्याच पंचक्रोशीतलं. ते गावी गेलं आणि म्हणालं, तो फोन करायच्या घाईत पडला. ते त्या बाईच्या, मेलेल्याच्या बायकोच्या, कानावर गेलं. आणि तिने एकच गोष्ट विचारली. आपल्याकडे फोन नाही. आपल्या वाडीत फोन नाही. तर मग फोन कोणाला?

"आता गावात लोक हसतत," तो म्हणाला. "ती माका इचारता, भाऊ, खरा सांगा, तेचा कोण होता काय थंय? मी शपथ घालून सांगलंय. ती म्हणता, मगे कंपनीच्या फिल्मात कसा? कंपनी कित्याक खोटा दाखयतली?"

मी काजूची पिशवी टेबलाच्या कडेला सरकवली.

"तुम्ही लिवन देवा," तो म्हणाला. "फोन-बिन काय नव्हतो, तेका हुक काढूक लावल्यानी, इतक्याच. तुमची सही. मी धाडतंय."

गल्फमध्ये 'इन्शाल्ला' हा शब्द श्रद्धावंत माणसाच्या तोंडी प्रार्थना असतो. ऑफिसातल्या माणसाच्या तोंडी तो 'नाही' असतो, आणि समोरच्याला ते माहीत असतं. मी त्याला म्हणालो, "लेटरहेडवर असं देता येत नाही. वर विचारावं लागेल. बघतो, इन्शाल्ला."

तो म्हणाला, "बरां." काजू त्याने परत नेले नाहीत. घरी बायकोने विचारलं, "कुणी दिले?" मी म्हटलं, "एका कामगाराने. काम केलं होतं त्याचं." ते काजू आम्ही दिवाळीत वापरले.

पुढे मी नोकरी बदलली. शारजाला अल मजाजमध्ये, तळ्याकाठच्या एका टॉवरमध्ये राहायला गेलो, आणि मुसफ्फा हा माझ्यासाठी हायवेवरचा एक बोर्ड झाला. मंडळात माझ्या नावापुढे 'फिल्मलेखक' असं छापायला लागले होते. मी एकदाही हटकलं नाही. थट्टा मी दुसऱ्यांच्या मोठेपणाची करायचो. त्या बाबतीत माझी नजर तीक्ष्ण आहे असं सगळे म्हणायचे.

लेखक इंग्लंडला परत निघाला तेव्हा नवं शतक सुरू होऊन दोनेक वर्षं झाली होती. बायकोचा करार संपला होता. मी निरोप द्यायला अबुधाबीला गेलो. फ्लॅटमध्ये खोकी होती, आणि एका खोक्यात त्याच्या मालिकांच्या संहिता. "रद्दीवाला तुमच्याकडे असतो ना?" त्याने विचारलं. "इथे नाही. आयुष्यभराचं काम फुकट न्यायलाही कुणी येत नाही." मग तो सहज म्हणाला, "तुमचा तो फोन बूथ मात्र मी विसरणार नाही. या सगळ्या खोक्यापेक्षा तो प्रवेश बरा आहे."

तेव्हा मी सांगितलं. सगळं. क्रियापद, दुसऱ्यांदा न जाणं, बूथ, काजू, त्या बाईचा प्रश्न.

तो खोक्यावर बसला. बराच वेळ चिकटपट्टीचं टोक नखाने शोधत राहिला.

"मी तुम्हाला दोनदा विचारलं होतं," तो म्हणाला.

"हो."

"वकिलांची गोष्ट मी तुम्हाला कशासाठी सांगितली होती?"

मी खोक्यातल्या वरच्या संहितेवरची धूळ पुसली.

"दोष माझाही आहे," तो पुढे म्हणाला. "तो बूथ फारच चांगला होता. ऐकीव गोष्टीत इतकं चांगलं काही नसतं. मला तेव्हाच कळायला हवं होतं. कळलंही असेल. पण चार वर्षं माझ्याकडे कुणी काही मागितलं नव्हतं, आणि मला एक चांगला प्रवेश हवा होता." मग त्याने माझ्याकडे पाहिलं. "पण हे तुम्ही मला का सांगताय? मी मेलेलो नाही, आणि कुणाची विधवाही नाही."

त्याने कंपनीला पत्र पाठवलं, की ती फिल्म खोटी आहे, दाखवू नका. त्याला उत्तर आलं, आपण दाखवलेल्या आस्थेबद्दल आभारी आहोत. ते उत्तर त्याने जाता जाता मला पाठवून दिलं, वर काही न लिहिता.

पुढच्या शुक्रवारी मी मुसफ्फाला गेलो. आदल्या रात्री त्या बाईच्या नावे एक पत्र लिहून काढलं होतं, स्वच्छ मराठीत, तीनदा खाडाखोड करून. कॅम्पवर चौकशी केली तर कळलं की तो आता चार्जहँड, म्हणजे टोळीचा मुकादम, झाला आहे आणि मेसमध्ये नव्या लोकांना फिल्म दाखवतो आहे. मी दारातून आत जाऊन मागे उभा राहिलो. तीसेक माणसं जमिनीवर बसली होती. आता व्हीसीडी आली होती. माणूस परांचीवरून बूथकडे बघायला लागला, आणि त्याने रिमोटने चित्र थांबवलं.

"ये फोन का देखो मत," त्याने हिंदीत सांगितलं. "ये झूट है. ये मेरा गाँववाला था. इसको फोरमन बोला हुक निकाल, जल्दी जा. ये निकाला. तुमको कोई भी बोलेगा, फोरमन बोलेगा, इंजिनिअर बोलेगा, निकालना नहीं. क्या?"

"निकालना नहीं," तीस जण म्हणाले.

त्याने चित्र पुढे सोडलं. किती वर्षं तो हे असं थांबवत होता, मला विचारवलं नाही. माझ्या कामाची दुरुस्ती तो दर शुक्रवारी स्वतः करत होता, आणि त्यात त्याला नोकरी जायची भीती होती की नाही हेही मी विचारलं नाही. माझ्यापेक्षा त्याला जास्त असायला हवी होती.

फिल्म संपल्यावर त्याने मला ओळखलं. ना राग, ना आश्चर्य. बाकावर जागा करून दिली. मी पत्र काढून त्याच्या हातात दिलं. तो ओठ हलवत वाचायला लागला. मी लिहिलं होतं, 'सदर अपघाताच्या वेळी आपल्या यजमानांना सुरक्षा पट्ट्याचा हुक काढावयास लावण्यात आले होते. चित्रफितीत दाखवण्यात आलेला दूरध्वनीचा प्रसंग काल्पनिक आहे.'

त्याने दोनदा वाचलं. मग बोट ठेवलं.

"लावण्यात आले," तो म्हणाला. "कोणी लावल्यान? हेच्यात कोण नाय."

मी पेन काढलं. 'लावण्यात आले' खोडून वर लिहिलं, 'फोरमनने लावले'.

"आणि ह्यां," त्याने खालच्या ओळीवर बोट सरकवलं. "फोनाचा. दाखवण्यात आलेला. ता कोणी केल्यान?"

"मी," मी म्हणालो.

"लिवा मगे."

मी लिहिलं. फोनची गोष्ट मी मनाने रचली, तुमच्या नवऱ्याने कुणालाही फोन केला नव्हता, करायला निघालाही नव्हता. खाली नाव आणि सही.

तो कागद त्याने परत हातात घेतला नाही. "तिका वाचूक येणा नाय," तो म्हणाला. "कोणतरी वाचून दाखयतलो. तुम्ही एकदा वाचा, कसा ऐकाक येता ता बघूया."

मेसमधली नवी माणसं ताटं घेऊन रांगेत उभी होती. काही जण आमच्याकडे बघत होते. मी वाचलं.

"परत वाचा, साहेबांनू," तो म्हणाला. "'मी' ऐकाक येऊक नाय."